मांजराच्या आतड्याची जाडी : माप कळले, कारण राहिले

प्रति,
मा. संपादक,
सप्रेम नमस्कार.

आपल्या रविवारच्या पुरवणीत पाळीव प्राण्यांवर एक चौकट येते. ती आमच्याकडे आधी सौ. वाचते आणि मग मला वाचून दाखवते. मागच्या वेळी तिच्यात लिहिले होते की मांजराला अधूनमधून उलटी होणे स्वाभाविक आहे, अंग चाटताना पोटात गेलेले केस त्या वाटेने बाहेर पडतात, काळजी करू नये. सौ.ने पेपर खाली ठेवला आणि म्हणाली, "अहो, ह्यांना लिहा. ह्याच वाक्यावर आपण वर्ष घालवलं."

म्हणून लिहितो आहे. सातपूर एमआयडीसीतल्या एका कारखान्यात मी ३१ वर्षे इन्स्पेक्शनला होतो. हातात मायक्रोमीटर नाहीतर व्हर्निअर, समोर ड्रॉइंग आणि डोक्यावर प्रॉडक्शनवाल्यांची कटकट. डॉक्टरीतले मला काही कळत नाही. मिलिमीटर तेवढा कळतो, आणि आमच्या ठमीच्या आजारात मिलिमीटरच जास्त आहेत.

ठमी म्हणजे मांजर. कॅन्टीनमागच्या भंगारात सापडली, पट्टेरी, ओंजळीएवढी. डब्याच्या पिशवीतून घरी आणली तेव्हा सौ. दोन दिवस माझ्याशी बोलली नाही आणि तिसऱ्या दिवशी ठमी तिच्या मांडीवर होती. ती ११ वर्षांची झाली तेव्हा आठवड्यातून एक-दोनदा ओकू लागली. कधी नुसता फेस, कधी न पचलेले खाणे, केस क्वचितच. आम्ही फडक्याने पुसून मोकळे. शेजारी म्हणाले, मांजर आहे, गवत खाते नि ओकते. खाणे व्यवस्थित होते, उलट थोडे वाढलेच होते. खाणारे जनावर आजारी असेल असे कोणाच्या मनात येणार?

सौ.च्या आले. ठमी मांडीवर बसली की हाडे टोचतात म्हणाली. मी प्रवासाच्या बॅगा मोजायचा टांगता काटा काढला, ठमीला बाजाराच्या पिशवीत घालून टांगली, आणि पिशवीचे वजन वजा केले. ३ किलो ३०० ग्रॅम. लसीकरणाच्या जुन्या कार्डावर ४ किलो २०० होते. नऊशे ग्रॅम ऐकायला काहीच वाटत नाही, पण हिशेब करून पाहा : सत्तर किलोचा माणूस पंचावन्नवर यावा, तसे झाले. घरातल्या माणसाचे असे झाले असते तर आपण वर्षभर केसांचे गोळे म्हणत बसलो असतो का?

पहिल्या डॉक्टरांचे नाव लिहीत नाही, वाईट माणूस नव्हे. त्यांनी पोट चाचपले, "आतडी जाड लागताहेत" म्हणाले, जंताचे औषध दिले आणि एक इंजेक्शन टोचले. ठमी तीन आठवडे पोरासारखी उड्या मारत होती. मग पुन्हा ओकणे सुरू. पुन्हा इंजेक्शन. चार महिन्यांत तीन झाली. तिसऱ्यानंतर मी विचारले, ह्यात असते काय? तेव्हा कळले, लांब काळ अंगात राहणारे स्टिरॉइड.

मला तिथेच खटकले. कारखान्यात एखाद्या पार्टची भिंत ड्रॉइंगपेक्षा जाड आली तर आम्ही ती घासून माल पास करत नव्हतो. आधी पाहायचो, हत्यार झिजले की साचा हलला की कच्चा मालच वेगळा आला. जाडी सगळ्यांत तीच दिसते.

नाशिककरांना हे वेगळे सांगायला नको. गंगेला, म्हणजे आपल्या गोदावरीला, पूर आला की आपण पात्रातल्या दुतोंड्या मारुतीच्या मूर्तीकडे पाहतो. पाणी गुडघ्याला लागले, कमरेला लागले, गळ्याशी आले. पूर केवढा हे मारुती बरोबर सांगतो. पण ते पाणी गंगापूर धरणातून सोडलेले आहे की रात्रभर गावातच कोसळून नाल्यांनी आणलेले आहे, हे त्याला विचारून उपयोग नाही. "आतडी जाड आहेत" हे मारुतीच्या कमरेला पाणी लागले म्हणण्यासारखे आहे. पुढचा शोध पुढेच राहतो.

दुसऱ्या डॉक्टर मुलीच्या वयाच्या, परळच्या पशुवैद्यकीय महाविद्यालयात शिकलेल्या. (१८८६ पासूनची संस्था, मला हे त्यांच्याकडूनच कळले.) त्यांनी पहिल्या भेटीत एकही इंजेक्शन दिले नाही, त्यामुळे सौ. थोडी नाराज झाली. वहीत तारखा मांडल्या : उलटी कधी, जेवणानंतर किती वेळाने, शी कशी, स्टिरॉइड कधी कधी दिले. मग म्हणाल्या, "काका, आधी पोटाच्या बाहेरची कारणं बाजूला काढू." म्हातारे मांजर भरपूर खाऊनही वाळत असेल तर थायरॉइड वाढलेले असू शकते, तेव्हा रक्तात ते पाहिले. किडनी, लिव्हर, साखर पाहिली. साखर मुद्दाम, कारण ती लांब टिकणारी स्टिरॉइडची इंजेक्शने मांजरात मधुमेह ओढवून घेऊ शकतात. मांजरातल्या ल्युकेमियाच्या आणि एड्ससारख्या विषाणूंची किट-टेस्ट केली, स्वादुपिंडाची चाचणी केली. तीन वेगवेगळ्या दिवसांची शी डबीत भरून नेली, कारण जंतू एका दिवशी दिसतात नि दुसऱ्या दिवशी नाहीत. सॅम्पलिंगची ही गोष्ट मला लगेच पटली.

सगळे जवळपास ठीक निघाले. एक सोडून : जीवनसत्त्व बी-१२ खूप कमी. हे जीवनसत्त्व लहान आतड्याच्या शेवटच्या भागात शोषले जाते. ते कमी म्हणजे तिथली भिंत काम करत नाही, असा बोट दाखवणारा पुरावा. शिवाय बी-१२ कमी राहिले तर बाकीचे उपचारही नीट लागू पडत नाहीत. म्हणून आठवड्याला एक इंजेक्शन असे सहा आठवडे सुरू केले. हे इंजेक्शन मात्र कारण सांगून दिले.

मग सोनोग्राफी. रात्रभर उपाशी ठेवायला सांगितले, कारण पोटात अन्न नि वारा असला की चित्र दिसत नाही. पोटावरचे केस काढले. ठमीचे ते गुलाबी पोट पाहून सौ.च्या डोळ्यांत पाणी आले. मी पडद्याकडे पाहत होतो. मांजराच्या आतड्याची भिंत एकसंध नसते, थर असतात, आणि सोनोग्राफीत ते काळ्या-पांढऱ्या रेघांसारखे दिसतात : आतले अस्तर काळसर नि रुंद, त्याखालचा थर पांढरा, मग स्नायूंची बारीक काळी रेघ, वर पातळ पांढरे आवरण. निरोगी मांजरात ही सगळी भिंत मिळून साधारण २ ते २.५ मि.मी., शेवटचा इलियम नावाचा भाग थोडा जाड, ३ च्या आसपास. ठमीची मधल्या आतड्याची भिंत ३.४. त्यात अस्तरापेक्षा स्नायूंची रेघ फुगलेली. शेजारच्या लसिका ग्रंथी किंचित मोठ्या.

मी डॉक्टरांना विचारले, तुमच्या मशीनचा लीस्ट काउंट, म्हणजे मोजता येणारे सगळ्यांत लहान माप, किती? त्या हसल्या, पण उत्तर दिले. खरी चूक मशीनपेक्षा धरण्यात होते म्हणाल्या. पोटावर टेकवायचा प्रोब तिरका लागला तर भिंत जाड दिसते. आतडे सतत आवळत-सैलावत असते, आवळलेल्या क्षणी मोजले तरी जाड दिसते. म्हणून त्या एकाच ठिकाणी थांबून, आतडे सैल पडू देऊन, तीन-चार जागी मोजत होत्या. आमच्याकडे नवीन पोरांना हेच शिकवायला वर्ष लागे. त्यांनी आणखी एक गोष्ट सांगितली, ती चौकटीत छापण्याजोगी आहे : भिंत मापात असली म्हणून आजार नाही असे होत नाही. पुष्कळ आजारी मांजरांची सोनोग्राफी नॉर्मल येते.

आता कारणे. डॉक्टरांनी रिपोर्टच्या पाठीमागे लिहून दिली, तो कागद माझ्याकडे आहे. थर शाबूत आहेत पण भिंत सगळीकडे जाड, विशेषतः स्नायूंचा थर जाड, असे चित्र मुख्यत्वे दोन आजारांत दिसते. एक, आतड्याची जुनाट सूज : शरीराचीच प्रतिकारशक्ती अन्नावर, आतल्या जिवाणूंवर चिडते आणि भिंतीत पांढऱ्या पेशींची गर्दी होते. दुसरा, लहान पेशींचा लिम्फोमा, म्हणजे त्याच पांढऱ्या पेशींचा कॅन्सर, पण संथ चालीचा. दोघांत उलट्या, जुलाब, वाळणे सारखे, वय बहुधा उतरते, बी-१२ दोघांत कमी होते, सोनोग्राफी सारखी. जुनी सूजच पुढे लिम्फोमाकडे जाते असे मानणारे पुष्कळ आहेत, असेही त्या म्हणाल्या.

थर पुसले गेले असतील आणि एकाच जागी गाठ असेल तर संशय वेगळा : मोठ्या पेशींचा, झपाट्याने वाढणारा लिम्फोमा किंवा आतड्याच्या अस्तराचा कॅन्सर. तरुण मांजर असेल, ताप असेल तर कोरोनाच्या मांजरातल्या भावंडाने होणारा एफआयपी नावाचा आजार, त्यातही कधी आतड्यावर गाठ येते. इओसिनोफिल नावाच्या पेशींची सूज वेगळीच. आणि साधी अन्नाची अ‍ॅलर्जी तर आहेच.

एक कारण मात्र मी आमच्या गल्लीतच पाहिले. आमच्या मागच्या घरात एक काकू ब्लाउज शिवतात. त्यांचा बोका दोन दिवस ओकत होता, खात नव्हता. सोनोग्राफीत भिंत जाड, पण सरळ नव्हती, गोळा झालेली. परकराची नाडी ओढली की नेफ्याला चुण्या पडतात, अगदी तशी. दोरा! एक टोक जिभेखाली अडकलेले आणि बाकीचा आतड्यात उतरलेला. आतडे पुढे सरकू पाहते, दोरा जागेवर, म्हणून चुण्या. त्याच दिवशी ऑपरेशन झाले नसते तर दोऱ्याने आतडे कापले असते. शिवणकाम करणाऱ्यांच्या, पतंग उडवणाऱ्यांच्या घरी मांजर असेल आणि ते ओकायला लागले तर आधी जिभेखाली बघा, दोरा दिसला तर ओढू मात्र नका, तसेच डॉक्टरकडे न्या. संक्रांतीच्या आसपास हे नक्की छापा.

ठमीकडे येतो. कागदावर दोन आजार समोरासमोर उरले. डॉक्टर म्हणाल्या, आधी खाण्याची परीक्षा. तुकडे-तुकडे करून मोडलेले प्रथिन असते अशा पॅकेटचे खाणे, त्याने अ‍ॅलर्जी असेल तर दोन-तीन आठवड्यांत पोट सुधारलेले दिसते. अट एकच, दुसरे काही तोंडात जाता कामा नये. ही अट सांगायला सोपी. ठमीची सकाळ मासेवालीच्या टोपलीपाशी, दुपार समोरच्या पोरांच्या बिस्किटात आणि संध्याकाळ सौ.च्या दुधाच्या पातेल्यापाशी. (दूध मांजराचे अन्न हा आपला लाडका समज. मोठ्या मांजराला ते बहुधा पचतच नाही.) सहा आठवडे आम्ही दार लावून बसलो. मासेवाली रोज खिडकीतून विचारायची, "बाई कुठं गेली?" उलट्या निम्म्यावर आल्या. वजन वाढले नाही.

मग राहिली बायोप्सी. इथे दोन वाटा. तोंडातून दुर्बीण घालून आतून चिमटे काढायचे, म्हणजे पोट फाडायचे नाही. पण चिमटा फक्त आतल्या अस्तराचा मिळतो, आणि दुर्बीण मधल्या लांब आतड्यापर्यंत पोचत नाही. दुसरी वाट पोट उघडून भिंतीचे संपूर्ण जाडीचे छोटे तुकडे घ्यायचे, ग्रंथीचा नि लिव्हरचाही. भूल मोठी, टाके मोठे, अशक्त मांजराला धोकाही जास्त. पण ठमीची गडबड मधल्या आतड्यात, तीही स्नायूंच्या थरात. भिंतीत काय आहे ते अर्धी भिंत पाहून कसे कळणार, असे माझे मत पडले. सौ.चे मत पडले की म्हाताऱ्या जिवाला कापायचे नाही. चार दिवस घरात चहा मुकाट्याने झाला.

डॉक्टरांनी एक गोष्ट सरळ सांगितली. पुष्कळ लोक बायोप्सी करत नाहीत, आणि तेही चुकत नाहीत. पैसे नसतात, मांजर फार अशक्त असते. अशा वेळी खाणे बदलून, बी-१२ देऊन, मग स्टिरॉइड सुरू करून पाहतात. दोन्ही आजारांत सुरुवातीचे औषध तेच आहे. "फक्त काका, ते ठरवून करायचं. न ठरवता नाही." मग मला पहिल्या डॉक्टरांबद्दल नेमके काय खटकले ते कळले. औषध चुकीचे नव्हते. क्रम चुकीचा होता आणि विचारले नव्हते. कारण स्टिरॉइडने त्याच पांढऱ्या पेशी मरतात ज्या बायोप्सीत शोधायच्या असतात. आधी पुसून घेतलेल्या जमिनीवर पावलांचे ठसे शोधण्यासारखे ते आहे. म्हणूनच मॅडमनी शेवटच्या इंजेक्शननंतर दोन महिने मधे जाऊ दिले.

शेवटी सौ.नेच होकार दिला. ऑपरेशन मुंबईत झाले. मी एरवी पंचवटी एक्स्प्रेसने जाणारा माणूस, पण ह्या वेळी पुतण्याची गाडी घेतली. इगतपुरी सुटल्यापासून कसारा घाट उतरेपर्यंत ठमी टोपलीतून एका सुरात ओरडत होती, पुतण्याने त्यानंतर मांजर पाळायचा विचार सोडला.

रिपोर्ट दहा-बारा दिवसांनी आला : लहान पेशींचा लिम्फोमा. पेशी टी-जातीच्या (पांढऱ्या पेशींची एक जात), हे विशेष रंग देऊन ठरवले. सूज की कॅन्सर हे नुसत्या साध्या रंगाच्या काचेवर कधी कधी तज्ज्ञालाही सांगता येत नाही, म्हणून हे रंग. तरीही ठरले नाही तर पेशी एकाच मूळ पेशीची पिलावळ आहेत का हे जनुकांवरून तपासतात. आमच्यावर ती वेळ आली नाही.

कॅन्सर शब्द ऐकून मी घरी फोन केला तेव्हा बोलता आले नाही. डॉक्टरांनी फोन हातातून घेऊन सौ.ला समजावले की ह्या जातीच्या आजारात रोजची स्टिरॉइडची गोळी आणि क्लोराम्ब्युसिल नावाची माणसांच्याच कॅन्सरची गोळी, एवढ्यावर बरीच मांजरे दोन वर्षे, त्याहूनही जास्त चांगली जगतात. केस गळत नाहीत, सलाइन लावून बसवायचे नसते. आमची ती दुसरी गोळी एक दिवसाआड असते. ती मोडायची नाही, हातमोजे घालून द्यायची, आणि ठरल्याप्रमाणे रक्त तपासायचे, कारण ती रक्तपेशींनाही मारते. डोस मी मुद्दाम लिहीत नाही. पेपरात वाचून कोणी आपल्या मांजराला देऊ नये.

ह्या गोष्टीला १४ महिने झाले. ठमीचे पोट पुन्हा केसांनी भरले, जरा विरळच. ती अजूनही महिन्यातून एखादवेळ ओकते, आणि ओकली की सौ. वहीत तारीख घालते.

आता आपल्याकडे मागणी. चौकटीतले ते वाक्य बदलून छापा. महिन्यातून एखादी केसांची उलटी वेगळी, पण ती वारंवार होऊ लागली, तिच्यात केसांऐवजी फेस नि अन्न येऊ लागले, किंवा वजन उतरू लागले तर ते स्वाभाविक नाही. बॅगेचा काटा प्रत्येकाच्या घरी असतो, महिन्यातून एकदा मांजर टांगायला दोन मिनिटे लागतात. आणि डॉक्टरांनी "आतडी जाड आहेत" म्हटले तर वाचकाने एवढे तरी विचारावे : कुठल्या भागात, किती, थर शाबूत आहेत का, आणि हे इंजेक्शन कसले? ह्या प्रश्नाने रागावणारा डॉक्टर मला दुसऱ्यांदा भेटलेला नाही. पहिला भेटला होता.

माझे नाव छापू नये. कॉलनीत आधीच मला मांजरवाले काका म्हणतात.

आपला जुना वाचक,
अशोकनगर, सातपूर, नाशिक

ता. क. : ह्या रविवारचे वजन ३ किलो ९२० ग्रॅम. पिशवी वजा करून.